अथ जॅकेटप्रक्षालनविधी

हरिश्चंद्रगडावरून चिखल माखून आलेलं वॉटरप्रूफ जॅकेट धुवायचं आहे, ही बातमी प्रथम घरातल्यांपासून लपवावी. ती फुटली की बादलीत पावडर पडते, वासासाठी वर झाकणभर कंडिशनर ओतला जातो, आणि पुढच्या पावसात तुमच्याआधी जॅकेटच चिंब होतं.

मुळात धुवावं का? धुवावं. 'धुतलं की वॉटरप्रूफपणा जातो' म्हणून वर्षानुवर्षं न धुणारे महाभाग प्रत्येक ग्रुपमध्ये असतात. परतीच्या एसटीत त्यांच्या शेजारची सीट रिकामी राहते. शिवाय घाम आणि अंगाचं तेल साचलं की आतली वाफ बाहेर पडेनाशी होते, आणि पाऊस थांबला तरी माणूस आतून भिजतच राहतो.

आता साबण. आपल्याकडे साबणाची लायकी फेसावरून ठरते. इथे फेसाळ उमेदवार पहिल्या फेरीतच बाद करावा. साबणाच्या कणाचं एक टोक तेलाला धरतं, दुसरं पाण्याला. कापडात राहून गेलेला प्रत्येक कण बाहेरच्या पावसाला 'या, बसा' म्हणतो. पावडर मागे राहण्यात पटाईत. कंडिशनरचं तर कामच धाग्यावर थर चढवणं. ब्लीच आणि ब्रश यांची नावंही काढू नयेत.

खास जॅकेटसाठीचं निकवॅक्ससारखं लिक्विड मिळालं तर उत्तम. नाहीतर बिनवासाचं, साधं लिक्विड, तेही थोडंसं, आणि दोनदा खळबळणं. वॉटरप्रूफ कापड बनवणारे गोअर-टेक्सवालेही एवढी सूट देतात. मशीन असेल तर आधी साबणाचा खण उपसून पाहावा. त्याच्या कोपऱ्यात मागच्या कित्येक धुण्यांचा निळसर, चिकट गाळ बसलेला असतो. तो जुन्या टूथब्रशने खरवडला नाही, तर महागडं लिक्विड आणणं व्यर्थ. चेन लावाव्यात, खिसे तपासावेत. शेंगदाण्याची चिक्की निघते.

धुताना आई डोकावेलच. "फेस कुठाय? हे धुणं म्हणायचं?" वाद घालू नये. जॅकेट वाळल्यावर तिच्यासमोर वर पाणी शिंपडावं. अळवावरच्या थेंबांसारखं घरंगळलं तर जिंकलात. कापड काळवंडून पाणी प्यायलं, तर लेबल परवानगी देत असेल तेव्हा वर सुती फडकं घालून कोमट इस्त्री फिरवावी. उबेने कापडावरचा पाणी झटकणारा लेप पुन्हा जागा होतो. तरीही पीतच असेल, तर लेप नव्याने चढवायचं वेगळं औषध मिळतं.

रस्त्यावरच्या प्लास्टिकच्या रेनकोटला यातलं काहीच लागू नाही. तो ओल्या फडक्याने पुसावा आणि मनातल्या मनात त्याचा हेवा करावा.