अनाथांचा तुटवडा

युद्धभूमीवर अनाथ मुले लागतील तेव्हा सापडतातच असे नाही. ही अडचण ‘लार्श द झोए’ या फ्रेंच संस्थेने २००७ मध्ये कौतुकास्पद रीतीने सोडवली. सुदानमधल्या युद्धग्रस्त दारफूरचे अनाथ म्हणून तिने चाडमधली १०३ मुले विमानाने फ्रान्सला न्यायला काढली. धडधाकट अंगांना बँडेज गुंडाळण्याची दूरदृष्टीही दाखवली. बहुतेक मुले चाडचीच होती, घरी आई किंवा बाप होता, असा आक्षेप निघाला. तो निव्वळ तांत्रिक. विमान उडाले असते, तर आपोआप मिटला असता. चाडच्या न्यायालयाने संस्थेच्या लोकांना आठ वर्षांची सक्तमजुरी सुनावली, पुढच्या मार्चमध्ये राष्ट्राध्यक्षांनी माफीही दिली. दोष असलाच तर पालकांचा: ऐन मदतीच्या वेळी ते जिवंत निघाले.