मर्सीसाइड रेडचं बारसं

'प्रो इव्होल्यूशन सॉकर ६' हा २००६ सालचा गेम. खेळ अस्सल, नावं नकली. गेम बनवणाऱ्या कोनामीकडे बऱ्याच क्लबांचे हक्क नव्हते, म्हणून लिव्हरपूल झालं 'मर्सीसाइड रेड' आणि चेल्सी झालं 'लंडन एफसी'. ते खुपत असेल, तरच पुढे वाचा.

आधी नाव बदला. हे गेमच्या एडिट मोडमध्येच होतं, पाच मिनिटांत. थांबायची ही शेवटची संधी. पण कोणी थांबत नाही. नाव खरं झालं की शर्ट खोटा दिसायला लागतो.

मग चाहत्यांनी बनवलेला 'एएफएस एक्सप्लोरर' हा प्रोग्राम उघडा. गेमच्या फोल्डरात '०_टेक्स्ट.एएफएस' नावाचं एक गाठोडं आहे. चेहरे, शर्ट, बूट, सगळं त्यात कोंबलेलं, आणि एकाही फायलीला धड नाव नाही, नुसते आकडे. हवी ती बाहेर काढा, बदला, परत कोंबा. नवी फाइल जुनीपेक्षा जाड निघाली तर अख्खं गाठोडं पुन्हा बांधा. सुरुवातीलाच मूळ फायलीची प्रत काढून ठेवायची असते. ही सूचना इतक्या उशिरा मुद्दाम दिली आहे. सगळ्यांना ती अशीच कळते.

गाठोडं फाटायची भीती असेल तर 'किटसर्व्हर' या दुसऱ्या प्रोग्रामकडे वळा. हा सज्जन मूळ मालाला हात लावत नाही. नाटक कंपनीच्या कपडेपटासारखा बाजूला बसतो आणि ऐनवेळी पात्रांना कपडे चढवतो. शर्टाचं चित्र ५१२ बाय २५६, रंग जास्तीत जास्त २५६. 'पीए', 'पीबी' फोल्डर खेळाडूंचे, 'जीए', 'जीबी' गोलकीपरचे. 'मॅप' फायलीत संघाचा क्रमांक आणि त्याच्या फोल्डरचं नाव लिहायचं. त्या नावात एक अक्षर चुकलं, तर पोरं निमूट जुनेच कपडे घालून उतरतात आणि तुम्ही दोन तास रंगांवर संशय घेत बसता. 'कॉन्फिग' फायलीत शर्टाला कॉलर हवी की नको, तेही सांगता येतं. हे मित्रांना कळू देऊ नका.

कोल्हापूरकरांसाठी वेगळी सूचना. तुम्हाला लिव्हरपूलशी कर्तव्य नाही. तुम्हाला पाटाकडील विरुद्ध दिलबहार हा तालमींच्या संघांचा सामना हवाय, तोही शाहू स्टेडियमवर. स्टेडियमचं नंतर बघू. नको असलेले दोन संघ धरा, नावं घाला, शर्ट रंगवा. खेळाडूंचे गुण मात्र एकट्याने भरा. मी दिलबहारवाल्या मित्राला शेजारी बसवलं होतं. आमच्या स्ट्रायकरच्या शॉट पॉवरला मी ९५ दिले, त्याने ९६ मागितले. मग मी ९७. गेम ९९च्या पुढे जात नाही. पहाटे तीनला दोन्हीकडचे अकराच्या अकरा जण सगळ्यात ९९ होते, गोलकीपर धरून.

सामना झाला. शून्य-शून्य.

मग कॉलरवरून सुरू झालं.