आप्पांचा धाकटा

आप्पांचा थोरला जिनिंगवर असतो, मधल्याचं कृषी केंद्र आहे आणि धाकटा ‘ओळख, स्मृती आणि स्थलांतर’ यांवर काम करतो. धरणगावात पहिल्या दोघांबद्दल कुणी जास्त विचारत नाही.

गणपतीची आरास करायची तर धाकट्यानंच, असा त्याचा हात होता. म्हणून आप्पांनी त्याला मुंबईला धाडलं. तिथे शिकता शिकता त्याचं चित्र काढणं सुटलं. आता तो वस्तू मांडतो. बोलताना वाक्याच्या मध्येच थांबतो. समोरच्याला वाटतं संपलं, आणि तो चहा सांगायला उठतो.

गावाचा इतिहास त्याला तोंडपाठ. १६७४ मध्ये इथे इंग्रजांची वखार होती, पुढच्याच वर्षी शिवाजी महाराजांच्या फौजेनं गाव लुटलं, १८२५ मध्ये आउट्रमनं भिल्ल पलटण उभारली. त्याला या सगळ्यात विस्थापन दिसतं. बालकवी १८९० चे, इथलेच. वडील पोलीस खात्यात, त्यामुळे लहानपण बदल्यांमागे गावोगाव. १९१८ मध्ये भादलीला रेल्वेखाली अंत. एवढं भांडवल असून या माणसानं नुसत्या कविता लिहिल्या, सोबत निवेदन जोडलं नाही, याचं धाकट्याला नवल वाटतं. चाळीसगावचे केकी मूस तर त्याची पंचाईतच करतात. वर्षानुवर्षं घराबाहेर न पडता छायाचित्रं काढणाऱ्या माणसाचं स्थलांतर दाखवायचं कसं?

खरं तर त्यासाठी एवढं लांब जायची गरज नव्हती. अर्धा खान्देश सुरतेला आहे. उधन्यात, लिंबायतात निम्म्या गल्लीत अहिराणी ऐकू येते. धाकट्याचे काकाही तिथेच मागावर होते. श्रावणात कानबाईचे रोट खायला ते तापी लाइनच्या गाडीनं न चुकता येतात. मागच्या खेपेला धाकट्यानं त्यांच्यापुढे रेकॉर्डर ठेवून विचारलं, “काका, मुळं तुटताना आत नेमकं काय होतं?”

काकांनी मान खाली घालून विचार केला. म्हणाले, “गाडीमा जागा भेटनी ते काही नही वाटस.”

हे उत्तर कलाकृतीत बसेना. मग धाकट्यानं घरातली पत्र्याची पेटी मुंबईच्या प्रदर्शनात नेली. आत काकांचं जुनं हजेरीकार्ड, मूठभर सरकी आणि अंधार. अंधार यादीत वेगळा लिहिला होता. लोक पेटीपुढे डोळे मिटून उभे राहिले म्हणे. इकडे आईचा रोज फोन : “भाऊ, पेटी कव्हय देशी?” कानबाईची लुगडी तिनं गोणपाटात बांधून ठेवली होती.

पेटी परत आली ती पाटीसकट. काकांनी चष्मा लावून पाटी वाचली : ‘अनामिक स्थलांतरिताचे हजेरीकार्ड.’

“अनामिक कसा रे?” काका चिडलेच. “कार्डवर मन्हं नाव शे ना!”