आख्यान नसलेले बुवा

सत्तरच्या दशकात मुंबईत उतरून पुण्याच्या आश्रमात निघालेला, विमानाचं तिकीट न परवडणारा गोरा बहुधा आमच्या खंडाळ्याच्या घाटानेच वर यायचा. कार्लसरूहच्या पेटर स्लोटरडाइक या जर्मन तत्त्वज्ञाने (जन्म १९४७) लोणावळ्यात चिक्की घेतली की नाही, याची नोंद नाही. एवढं खरं, की त्या दशकाच्या शेवटी तो कोरेगाव पार्कात रजनीशांकडे राहिला आणि परत जाऊन १९८३ साली त्याने सिनिकल बुद्धीवर नऊशेहून अधिक पानांचा दोन खंडी ग्रंथ लिहिला. शिकलेल्या माणसाला सगळं कळतं, तरी तो वागतो मात्र पूर्वीसारखाच, हे त्याचं सार. आपल्याकडे हे कुठलीही सासू सांगेल. पण जर्मनीत ग्रंथ धडाक्यात खपला.

मग व्हायचं तेच झालं. टीव्हीने बोलावलं. २००२ पासून जर्मनीच्या झेडडीएफ वाहिनीवर स्लोटरडाइक आणि त्याचा मित्र रूडिगर साफ्रान्स्की दोन पाहुण्यांना घेऊन रविवारी रात्री उशिरा तत्त्वचर्चा करू लागले. स्लोटरडाइकच्या नाकाच्या शेंड्यावर चष्मा, ओठांवर मिशी, केसांना कंगव्याचं वावडं. या जातीचा माणूस प्रश्नाला उत्तर देत नाही. प्रश्नालाच पाट मांडून देतो. विचारा पेन्शनबद्दल, सुरुवात ग्रीकांपासून!

आमच्याकडे रामनवमीला नारदीय कीर्तन करणारे बुवा हेच करतात. फरक एवढाच, की पूर्वरंगात ब्रह्म-माया ऐकून मंडप पेंगू लागला, की ते बुक्का लावून घेतात आणि उत्तररंगाच्या आख्यानात थेट हनुमंताला लंकेत नेऊन सोडतात. झोपलेली पोरंसुद्धा उठून बसतात. स्लोटरडाइकबुवांकडे आख्यानच नाही. तरी दहा वर्षं नुसत्या पूर्वरंगावर कार्यक्रम चालला! जर्मन श्रोता सोशिक, हे मान्य केलं पाहिजे.

२०१२ मध्ये वाहिनीने तो कार्यक्रम बंद केला आणि रिशार्ड डेव्हिड प्रेश्ट या देखण्या, सोपं बोलणाऱ्या, लाखांनी पुस्तकं खपवणाऱ्या माणसाला बसवलं. त्यावर स्लोटरडाइक काय म्हणाला? प्रेश्टचा श्रोता म्हणजे व्हायोलिनवाल्या आंद्रे रियूचा श्रोता, मुख्यतः पन्नाशी उलटलेल्या बायका.

नव्या बुवाला मंडपात गर्दी झाली, की जुने बुवा ओसरीवर बसून अगदी हेच म्हणतात. सिनिकल बुद्धीवर नऊशे पानं लिहूनही माणूस यातून सुटला नाही.