भुतांची नोकरी

पॅकमॅन हा मुळात माणूस नव्हेच. ते एक तोंड आहे. पिवळं, गोल, सतत उघडझाप करणारं. १९८० साली तोरू इवातानी या जपानी तरुणाने नामको कंपनीसाठी हा खेळ रचला, तेव्हा पडद्यावरच्या पॅकमॅनला त्याने डोळेसुद्धा दिले नाहीत. हात नाहीत, पाय नाहीत, नाक नाही, आडनावाचा तर प्रश्नच नाही. समोर चक्रव्यूह, त्यात २४० बारीक ठिपके आणि चार ठसठशीत गोळ्या. खायचं आणि पळायचं, संपलं. मुलींनाही खेळावासा वाटेल असा खेळ इवातानींना करायचा होता. मुलींना काय आवडतं याचा विचार करता करता ते खाण्यापर्यंत येऊन पोचले. असले निष्कर्ष काढायला पुरुषच लागतात. पण निष्कर्ष चालला, आणि कसला चालला!

आमच्याकडे हे तोंड आलं ते बऱ्याच वर्षांनी, टीव्हीला जोडायच्या स्वस्तातल्या व्हिडिओ गेमवर. त्या खेळांच्या डबीला आम्ही कॅसेट म्हणायचो. चालली नाही की तिच्यात फुंकर मारायची, हे तंत्र कुणी शिकवलं नव्हतं तरी गल्लीतल्या प्रत्येक पोराला येत होतं. डबीवर ‘९९९९ इन १’ असं छापलेलं असे, आणि आत पाच-सहा खेळ वेगवेगळ्या नावांनी पुन्हा पुन्हा येत. मारिओ असला की आजी थोडा वेळ बघायची. तो निदान उड्या तरी मारतो. पॅकमॅन लागला की तिचं तोंड वाकडं व्हायचं. ‘‘अरे, हा मेला दिवसभर नुसता चरतोय. ह्याला काही कामधंदा?’’

आजीला माहीत नव्हतं, पण तिच्या शंकेचं निरसन अमेरिकेत कधीच झालेलं होतं. २५ सप्टेंबर १९८२ या दिवशी एबीसी वाहिनीवर, शनिवारच्या सकाळी, पॅकमॅनची कार्टून मालिका सुरू झाली. व्हिडिओ गेमवरून बेतलेली ही पहिलीच कार्टून मालिका. काढणारे हॅना-बार्बेरा, म्हणजे स्कूबी-डू आणि फ्लिंटस्टोन्सवाले. त्यांच्यापुढचा पेच जरा डोळ्यांपुढे आणा. हातात एक तोंड, चार भुतं आणि एक बोळांचं जाळं. यावर दर आठवड्याला अर्धा तास भरायचा. संवाद कोण कुणाशी बोलणार? तोंड भुताला काय सांगणार, ‘थांब, खातो’?

त्यांनी काढलेला तोडगा आपल्याकडची कुठलीही आत्या सुचवेल तोच होता: लग्न करून द्या, म्हणजे मार्गाला लागेल.

तर पॅकमॅनला हातपाय फुटले, हातमोजे आले, बूट आले, डोक्यावर लाल टोपी आली. पेपर नावाची बायको आली. पॅक-बेबी नावाचं गोल बाळ आलं. चॉम्प-चॉम्प नावाचा कुत्रा आणि सावर पस नावाची कुजकट बोलणारी मांजर आली. पॅकलँड नावाचं गाव वसलं, जिथे कशालाही नाव देताना आधी ‘पॅक’ लावायचं एवढाच नियम. आणि आजी, ऐक: नोकरीसुद्धा लागली. शक्तीच्या गोळ्या ज्या रानात झाडांना लगडतात, त्या रानाची राखण याच्याकडे आली. ज्याने उभ्या आयुष्यात दिसेल ते खाल्लं त्याला खाण्याच्या वस्तूवर राखणदार नेमण्याची कल्पकता मी तरी फक्त सहकार क्षेत्रात पाहिली होती.

मी ही मालिका पाहिली ती आता, चाळीस वर्षं शिळी झाल्यावर, चतकोर चतकोर करून. पहिल्या भागात गंमत वाटते, दुसऱ्या भागात घड्याळाकडे लक्ष जातं. पॅकमॅन घरात चिडचिडा, बाहेर फुशारक्या मारणारा, बायकोपुढे थोडा बिचकलेला. संकट आलं की एक गोळी तोंडात टाकायची, ताकद येते, भुतं पळतात. प्रत्येक भागात गोळी. लहान मुलांच्या कार्यक्रमात अडचणीवरचा एकमेव उपाय गोळी, हे शनिवारी सकाळी कुणाला खटकलं नसावं. १९८२च्याच नाताळच्या खास भागात भुतांना बिचकून सांताक्लॉजची हरणं थकून बसतात, तेव्हा पॅकमॅन त्यांनाही गोळ्याच चारतो. सांताची गाडी हवेत जाते. नंतर हरणांचं काय झालं, ते दाखवलेलं नाही.

त्या कुत्र्यामांजराबद्दल मात्र सांगायलाच हवं. मांजरीला आवाज दिलाय पीटर कलनने आणि कुत्र्याला फ्रँक वेल्करने. दोनच वर्षांनी, १९८४ साली, ‘ट्रान्सफॉर्मर्स’ आली. तिच्यात कलन झाला ऑप्टिमस प्राइम आणि वेल्कर झाला मेगाट्रॉन. विश्वाच्या भवितव्यासाठी एकमेकांच्या उरावर बसणारे ते दोन पोलादी राक्षस आधी पॅकमॅनच्या घरात सोफ्याखाली गुरगुरत होते. हे कळल्यापासून मला ऑप्टिमस प्राइमचं एकही गंभीर भाषण गंभीरपणे ऐकता आलेलं नाही. पुढच्या वाक्याला तो ‘म्याव’ म्हणेल अशी धाकधूक असते.

पण मालिकेचा जीव आहे तो भुतांत. माझी सगळी सहानुभूती तिकडे आहे, आणि ती का, हे समजायला मूळ खेळातली भुतं नीट पाहायला हवीत. वरवर चारी सारखीच, फक्त रंग वेगळे. पण इवातानींनी प्रत्येकाची चाल निराळी ठेवली. तांबडा ब्लिंकी थेट मागे लागतो, आणि ठिपके संपत आले की वेग वाढवतो. गुलाबी पिंकी तुमच्या पुढची जागा हेरून वाट अडवायला जातो. निळसर इंकी तुमची जागा आणि ब्लिंकीची जागा यांचा हिशोब घालून स्वतःची वाट ठरवतो, म्हणून त्याचा अंदाज लागत नाही. नारिंगी क्लाइड ऐटीत चाल करून येतो आणि अगदी जवळ पोचला की अवसान गळून खालच्या डाव्या कोपऱ्याकडे पळतो.

आता हॅना-बार्बेराने काय केलं? जो कधी माघार घेत नाही त्या ब्लिंकीला भित्रा केलं. हिशोबी इंकीला वेंधळा केलं. पिंकीला अक्कल कमी दिली. आणि ऐन वेळी कोपऱ्यात पळणाऱ्या क्लाइडला टोळीचा म्होरक्या केलं! मला आधी वाटलं, यांनी खेळ पाहिलाच नसावा. मग लक्षात आलं, की यांनी खेळ नव्हे, कचेरी पाहिली असावी. जो खरं काम करतो तो दबून असतो, आणि ज्याला वेळेवर सटकता येतं त्याची बढती होते. पाचवी स्यू. ती कानांत डूल घालते आणि उरलेल्या चौघांपेक्षा जास्त डोकं चालवते. अर्थातच तिला म्होरकी केलेलं नाही.

यांचा साहेब मेझमॅरॉन. डार्थ व्हेडरवरून बेतलेला: झगा, शिरस्त्राण, घुमणारा आवाज. त्याला गोळ्यांचं ते रान कुठे आहे ते हवंय, म्हणून भुतांना रोज पिटाळायचं. स्वतः तो जागचा हलत नाही. भुतं जातात, पॅकमॅनला गाठतात, तो गोळी खातो आणि भुतांना गिळतो. खेळातला नियम इथेही पाळलाय: भूत गिळलं की फक्त डोळे उरतात.

ते डोळे मी दोनदा मागे घेऊन पाहिले. अंग नाही, टोपी नाही, नुसती बुबुळांची जोडी हवेत लटपटत मेझमॅरॉनच्या अड्ड्यावर परत येते. तिथे एक कपाट आहे, त्यात भुतांची नवी अंगं कपड्यांसारखी टांगलेली. डोळे आत शिरतात, नवं अंग चढवून बाहेर येतात आणि साहेबाच्या शिव्या खायला समोर उभे राहतात. ‘जेवलात का’ नाही, ‘लागलं का’ नाही. रान सापडलं का? नाही? मग पुन्हा निघा. सबंध शरीर गमावून आलेल्या माणसाला – भुताला – अर्ध्या दिवसाची रजासुद्धा मिळत नाही. कपाटात साठा किती आहे बघा. म्हणजे रोज कितीजण असे परतणार, याचा अंदाज साहेबाला आधीच होता. गणवेश भरपूर, माणुसकी शून्य.

आणि तरी ती निघतात! वाटेत एकमेकांवर खेकसतात, टपल्या मारतात, चूक क्लाइडची असली तरी खापर इंकीवर फोडतात, पण निघतात. पॅकमॅनकडे गोळी आहे, घर आहे, सोफ्याखाली साक्षात ऑप्टिमस प्राइम आहे. यांच्याकडे काय आहे? बदली अंग.

पॅकमॅनचा जम बसलेला पाहून १९८३ साली सीबीएसने ‘सॅटरडे सुपरकेड’ काढली, तिच्यात एकदम बरेच खेळ कोंबले. रस्ता ओलांडताना गाड्यांखाली चिरडणारा फ्रॉगर हा बेडूक तिथे वर्तमानपत्राचा बातमीदार आहे. पेशा बदलला, धोका तोच. डाँकी काँगच्या मागे धावणारा मारिओही आहे. त्याला आवाज कुणी दिलाय ते सांगू? त्याच पीटर कलनने. त्या काळात अमेरिकेत शनिवारी सकाळी त्या गृहस्थाशिवाय कुणी बोलतच नव्हतं की काय, कोण जाणे.

पॅकमॅनच्या दुसऱ्या हंगामात पी.जे. नावाचा नात्यातला एक तरुण पोरगा आणि सुपर-पॅक नावाचा उडणारा वीर आणून बसवलेत. आपल्या मालिका पाहणाऱ्यांना सांगायला नको: कथा रेंगाळली की दारात नातेवाईक उभा राहतो. १९८३ नंतर नवे भाग झाले नाहीत. पॅक-बेबी मोठा झाला की नाही, रान शेवटी कुणाच्या ताब्यात गेलं, काही कळायला मार्ग नाही.

तेव्हा बघायचीच असेल तर पहिला हंगाम पुरे. पॅकमॅन बोलू लागला की आवाज खुशाल कमी करा, काही चुकत नाही. भुतं आली की वाढवा. आणि तुमची स्वतःची नोकरी असेल तर रविवारी रात्री बघू नका. सोमवारी सकाळी कपाट उघडताना त्रास होतो.