मिळून आला नाही

कोर्टाच्या नाझर शाखेत असे एक तरी काका असतातच. पद बेलिफाचं, काखेत कागदांनी फुगलेली पिशवी आणि तोंडात पंचनाम्याची भाषा. घरी चष्मा सापडला नाही तरी बायकोला सांगणार, "समक्ष शोध घेतला, मिळून आला नाही." लग्नात रुखवतासमोर ते जरा जास्त वेळ रेंगाळले, की वधूपित्याला घाम फुटतो.

अदालत रोडवरच्या कोर्टात दावा जिंकलेला माणूस पेढे वाटतो, आणि मग निकालाच्या अंमलबजावणीची दरखास्त दाखल करून काकांच्या हाती लागतो. हुकूमनामा मिळाल्यावरच हिंदुस्थानातल्या पक्षकाराचे हाल सुरू होतात, असं लंडनच्या प्रिव्ही कौन्सिलने १८७२ सालीच म्हणून ठेवलंय. दरखास्ती सहा महिन्यांत निकाली काढा, असं सर्वोच्च न्यायालयाने २०२१ मध्ये बजावलं. २०२५ मध्ये आकडे मागवले, तर देशभरात ८ लाख ८२ हजारांवर पडून. त्यातल्या ३ लाख ४१ हजार एकट्या मुंबई उच्च न्यायालयाच्या अखत्यारीत. काका ही बातमी मोठ्याने वाचतात आणि पिशवी दुसऱ्या काखेत घेतात.

१९०८ ची दिवाणी प्रक्रिया संहिता काकांना पाठ आहे. पण मुरलेल्या ऋणकोला ती त्याहून पाठ असते. कलम ६२ प्रमाणे जप्तीसाठी सूर्यास्तानंतर कुणाच्या राहत्या घरात शिरता येत नाही. गारखेड्यातले एक गृहस्थ म्हणूनच दिवसभर दाराला कुलूप लावून गायब असत आणि दिवेलागणीला हसतमुखाने हजर. "या ना काका, चहा टाकलाय!" काका कालनिर्णयात सूर्यास्ताची वेळ बघत आणि चहा उंबऱ्याबाहेर उभ्यानेच घेत.

कधी दिवसाउजेडी दार उघडं मिळालंच, तर स्वयंपाकाची भांडी, अंथरूण, नेसते कपडे, बाईचं मंगळसूत्र, कारागिराची अवजारं या सगळ्यांना कलम ६० चं कवच. राहिला टीव्ही. तो त्याच क्षणी सासूबाईंच्या मालकीचा निघतो. पंच म्हणून सही करायला गल्लीत कुणी तयार नसतं; पानटपरीवाला कशीबशी करतो, तीही उधारी वसूल करून देण्याच्या बोलीवर.

पण काकांची खरी परीक्षा सरकारी कचेरीत. पैठणकडचा एक म्हातारा शेतकरी, जमीन कालव्यात गेलेली, वाढीव मोबदल्याचा निकाल हातात. कलम ८२ ची तीन महिन्यांची सवड सरकारने केव्हाच खाल्लेली. वॉरंट निघालं. म्हाताऱ्याने बिडकीनहून टेम्पो ठरवून आणला, कारण जप्त माल न्यायचा खर्च आधी जिंकलेल्यानेच करायचा असतो.

साहेब मीटिंगला. काकांनी त्यांची खुर्ची ताब्यात घेतली आणि खाली वाकून तपासली. "फिरती खुर्ची, नग एक, चाकं पाचपैकी चार, रेक्झिन फाटलेलं." लेखनिकाने सुचवलं, "पाचवं चाक आमच्याकडे ड्रॉवरमध्ये आहे, ते पण लिहा." म्हाताऱ्याने विचारलं, "असल्या किती खुर्च्या नेल्या की माझे पैसे फिटतील?" काकांनी मनात भागाकार केला. त्या कचेरीत तेवढी माणसंच नव्हती.

चार जणांनी खुर्ची जिन्यापर्यंत आणली, तेवढ्यात वरून पत्र आलं: निधीची मागणी केली आहे, महिन्याची मुदत मिळावी. म्हाताऱ्याच्या वकिलांनी मान डोलावली. खुर्ची परत वर गेली. जाताना आणखी एक चाक निखळलं, त्याची मात्र पंचनाम्यात नोंद झाली नाही. टेम्पोवाला पूर्ण भाड्यावर अडून बसला. म्हाताऱ्याने कनवटीचे पैसे मोजून दिले आणि काकांचा दंड धरला.

"पैसे तर गेलेच. रिकामा कशाला न्यायचा? चला काका, हौद्यात बसा. अदालत रोडला तुम्हालाच टाकतो."