पंचवीस तारांची हमाली

लातूरच्या आमच्या मामांच्या आडत दुकानात कॉम्प्युटर आला तो हिशोबासाठी नव्हे, पट्टीसाठी. बेरीज मुनीमजी तोंडी करायचे आणि मशीनच्या आधी करायचे. पण शेतकऱ्याला एक, खरेदीदाराला एक आणि फायलीला एक अशी तीन पानी पट्टी एका दमात काढायची, तर डॉट मॅट्रिक्स प्रिंटरला पर्याय नव्हता. त्याच्या नऊ टाचण्या कागदावर खरोखरच आपटतात, म्हणून कार्बनखालच्या शेवटच्या पानावरही तूर, कट्टे, भाव आणि तोलाई उमटते. आवाज असा की बोलीसुद्धा थांबायची.

प्रिंटर जोडायला नांदेडहून एक साहेब यायचे. लोहा, अहमदपूर, चाकूर करत, एसटीत मांडीवर केबलचं वेटोळं घेऊन. केबल मनगटाएवढी जाड आणि दोन टोकांना दोन वेगळी तोंडं: कॉम्प्युटरकडे २५ पिना, प्रिंटरकडे ३६. मामांनी ती दोनदा उलटीपालटी करून पाहिली आणि विचारलं, "साहेब, मदल्या अकरा कुटं गेल्या?"

आडत्याच्या डोळ्यांतून तूट सुटत नाही.

त्या अकराचा खुलासा अमेरिकेत आहे. १९७० साली सेंट्रॉनिक्स कंपनीनं प्रिंटर काढला. तिचं नातं वँग कंपनीशी, आणि वँगकडे कॅल्क्युलेटरसाठी आणलेले ३६ पिनांचे २०,००० कनेक्टर पडून होते. गरज होती २१ पिनांची, पण माल घरचा, लावून टाकला. पुढे १९८१ मध्ये आयबीएमनं आपला पीसी आणला तेव्हा त्याच्या पाठीला २५ पिनांचं आटोपशीर पोर्ट दिलं. प्रिंटर मात्र आपल्या ३६ वर अडून बसले. हे कळल्यावर मामांचा अमेरिकेबद्दलचा आदर एकदम वाढला. "पडून ऱ्हायलेला माल जगाच्या गळ्यात मारला! ह्याला म्हंत्यात धंदा."

आत चालायची ती निव्वळ हमाली. आठ तारांवर आठ हमाल एकेक बिट घेऊन बरोबरीनं निघतात. पहिल्या पिनेवरचा मुकादम "उचला" म्हणतो. पलीकडून दहावी पिन "पोचलं" म्हणते, अकरावी "थांबा, हात रिकामा नाही", आणि बारावीचं काम एकच: कागद संपला की बोंब मारायची. अठरा ते पंचवीस या आठ नुसत्या ग्राउंड. मामांना वाटायचं त्या ओट्यावर बसून पगार खातात. तसं नव्हतं, पण पटवत कोण बसणार?

बारावीनं बोंब मारली की पडद्यावर इंग्रजीत चार पर्याय यायचे: अबॉर्ट, रिट्राय, इग्नोर, फेल. बोर्डाच्या निकालावर जगणाऱ्या लातुरात, भर दुकानात, मशीन 'फेल' म्हणतंय! मुनीमजी घाईघाईनं पडद्यावर टॉवेल टाकायचे. "काय म्हणलालंय ते?" मामा गादीवरून ओरडायचे. "कागद मागलालंय," मुनीमजी म्हणायचे, आणि ते बरोबरच असायचं.

पुढे मराठी अक्षरांचं सॉफ्टवेअर आलं. त्याची चोरी होऊ नये म्हणून दिलेलं 'लॉक' याच पोर्टात खोचायचं आणि प्रिंटरची केबल त्या लॉकच्या पाठीला. मामांनी किल्ली मागितली. किल्ली नसते म्हटल्यावर ते रोज रात्री लॉक उपटून गल्ल्यात ठेवू लागले. सकाळी मराठी बंद.

आता नव्या कॉम्प्युटरला ते पोर्टच नाही, यूएसबी आहे. साहेबांनी समजावलं: आठ जणांना जोरात पळवलं की एखादा मागेपुढे होतो, मग सगळ्यांनाच थांबावं लागतं. म्हणून यूएसबीत बिट एकामागून एक जातात, आणि तरीही काम कितीतरी लवकर उरकतं.

मामांनी केबल हातात धरून पाहिली. बारीक, हलकी, आत मोजून चार तारा.

"ठीक हाय," ते म्हणाले, "पण हमाली आता एकाचीच लावा."